गुलाबांसाठी पाणी

ड्रिल टेकवलं मात्र, विटेचं अख्खं तोंड सुटून अल्गिसच्या बुटावर पडलं.

"अरे देवा! फलक लावायला बोलावलं तुला, भिंत पाडायला नाही," स्टासे म्हणाल्या.

"मी काय केलं? नुसतं टेकवलं!" अल्गिसनं दुसरी वीट निवडली. तिचीही तीच गत. आतून पिवळट भुगा सांडला. "उभा जन्म गवंडीकामात गेला, तेता, पण इतकी नाजूक बाई पाहिली नाही मी. जरा हात लावला की रुसते."

"चर्चची भिंत आहे. जिभेला काही हाड?"

आल्दोना फलक छातीशी धरून उभी होती. पितळी होता, जड होता. त्यावर वडिलांचं नाव, ब्रोनियस स्किर्मंतास, आणि खाली लिथुआनियन भाषेत एकच ओळ: 'यांच्या हातांनी ही भिंत राखली.' रविवारी प्रार्थनेनंतर त्याचं अनावरण व्हायचं होतं. वडिलांना जाऊन महिनाही झाला नव्हता. घरातल्या खुंटीवरची त्यांची टोपी अजून तिनं हलवली नव्हती.

"मेले इथले हिवाळेच असले," स्टासे म्हणाल्या. सगळी वस्ती त्यांना तेता, म्हणजे मावशी म्हणायची, आणि चर्चच्या सगळ्या किल्ल्या त्यांच्या कमरेला असायच्या. "त्यात गल्लीतून ते कचऱ्याचे ट्रक. भिंत हादरणार नाही तर काय!"

कारण हिवाळा नव्हता, ट्रकही नव्हते. आल्दोनाला ते पहिल्या विटेलाच कळलं होतं. दर शनिवारी ती पाहुण्यांना शिकागोच्या जुन्या इमारती दाखवत हिंडायची आणि एका भिंतीपुढे थांबून हेच तर सांगायची. इथली जुनी साधी वीट मऊ. दोन विटांमधली दरज तिच्याहूनही मऊ, चुन्याची हवी, म्हणजे भिंतीत मुरलेलं पाणी दरजेतून बाहेर पडतं. दरजेत कडक सिमेंट भरलं की पाणी विटेत कोंडतं, थंडीत गोठून फुगतं आणि विटेचं तोंड उडवतं. "दरजेनं झिजायचं आणि विटेला वाचवायचं," असं ती म्हणायची. लोक माना डोलावून फोटो काढायचे.

तिच्या लहानपणी एका उन्हाळ्यात वडिलांनी या भिंतीच्या सगळ्या दरजा उकरून नव्यानं भरल्या होत्या. फुकट, आणि मिळेल ते सर्वांत कडक सिमेंट आणून. देवाच्या घराला हात आखडता कशाला घ्यायचा, म्हणाले होते.

गप्प बसणं सोपं होतं. हिवाळ्याचं नाव तर तेतांनी घेऊनच टाकलं होतं. पण वसंतात बिशपच्या कचेरीतून इंजिनियर यायचा होता. त्याला एक नजर पुरली असती, आणि मग या फुटक्या भिंतीवर गुन्हेगाराचं असावं तसं ते नाव चमकत राहिलं असतं.

"तेता, हा फलक इथे नको."

"म्हणजे? वर्गणी काढून केलाय आम्ही! तुझ्या बापानं त्या शिडीवर पाठीचा कणा मोडून घेतला, विसरलीस?"

"विसरले नाही. पण बाबांनी ही भिंत राखली नाही. त्यांनी भरलेल्या सिमेंटनंच ती फुटतेय."

अल्गिस ड्रिलची वायर गुंडाळू लागला. "त्या काळी सगळे तेच भरायचे," तो खाली बघत म्हणाला. "मीही. कडक म्हणजे चांगलं, एवढीच अक्कल होती आम्हाला."

स्टासे पायरीवर बसल्या. म्हणाल्या, "बरं झालं, कळायच्या आत गेला. गुलाबांना पाणी घालता घालता सुखानं गेला."

"कुठले गुलाब?"

"पलीकडच्या बाजूचे. दोन उन्हाळे रोज दुपारी यायचा की! नळाची किल्ली न्यायचा माझ्याकडून. गुलाब काही जगले नाहीत, पण माणूस चिवट."

वडिलांनी घरातल्या कुंडीलाही कधी पाणी घातलं नव्हतं.

आल्दोना भिंतीच्या कोपऱ्यावरून वळली. मागोमाग दोघंही आले. वाळलेल्या गुलाबांच्या काट्यांमागे एक बादली पालथी घातलेली होती. बसून बसून तिचं बूड आत दबलं होतं. तिच्यासमोर जमिनीपासून वर, ओळीमागून ओळ, करडं सिमेंट उकरून काढलेलं होतं आणि दरजांत पांढुरकं काहीतरी भरलं होतं. खालच्या ओळी नीट, सरळ. वरच्या ओळींत हात थरथरल्याच्या खुणा. छातीच्या उंचीवर काम थांबलं होतं. शेवटच्या तुकड्यावर खिळ्यांनी गोणपाट लटकवलं होतं. ते वाळून कडकडीत झालं होतं.

अल्गिसनं खालच्या दरजेत नख रोवून पाहिलं. "चुना आहे, पोरी."

दोन वर्षांपूर्वी एका शनिवारी वडील तिच्याबरोबर इमारती बघायला आले होते. चर्चला जाण्याचा कोट घालून सगळ्यांच्या मागे उभे होते. त्या भिंतीपुढे ती नेहमीचंच बोलली. रात्री जेवताना, बटाट्याच्या कुगेलिसवर साय घेता घेता, त्यांनी सहज विचारलं होतं, "चुना भरल्यावर ओला ठेवावा लागतो, नाही का? कशानं झाकतात?"

"गोणपाटानं," ती म्हणाली होती. पुस्तकातून डोकं वर न काढता.

आता ती वाळलेल्या गोणपाटापुढे उभी होती. मागे स्टासेंनी नाक शिंकरलं आणि विचारलं, "रविवारी काय सांगू मी लोकांना?"

"मी सांगेन. दोन्ही सांगेन." तिनं फलक भिंतीला टेकवून ठेवला, अक्षरं आतल्या बाजूला. "थंडी पडायच्या आत आणखी किती भरून होईल, अल्गिस?"

"एकट्याकडून? ही ओळसुद्धा नाही." त्यानं वर, छपरापर्यंत पाहिलं. "उद्या माझी थापी घेऊन येतो. शिडी मात्र तू धर, मला आता चक्कर येते."

आल्दोनानं बादली सुलटी केली आणि तेतांपुढे हात केला. त्यांनी कमरेच्या जुडग्यातून नळाची किल्ली काढून दिली.

पहिलं पाणी गोणपाटानं घेतलंच नाही, नुसतं ओघळून गेलं. दुसऱ्या बादलीला ते काळं पडलं, जड झालं, भिंतीला चिकटलं. खालून पाणी ठिबकू लागलं, मेलेल्या गुलाबांच्या मुळाशी.