पाठीमागचा हात

परक्या माणसांसमोर स्वतःची इतकी लाज काढणारा प्राणी आपल्याच पोटी कसा निपजला, हे आईला आजवर उमगलं नव्हतं. थोरला, मधला, दोघेही चारचौघांत मान वर करून चालतात. हा धाकटा मात्र चाळिशीला टेकला तरी शर्टाची बटणं खालीवर लावून रंगमंचावर येतो, खुर्चीला धडकतो आणि खुर्चीचीच माफी मागतो. वर लोकांना सांगतो, "मी जन्मलो तेव्हा आईनं सुईणीला विचारलं, बाकीचा कुठाय?"

"मी असं कधी विचारलं रे मेल्या?" आई घरी भांडायची. "चांगला साडेसात पौंडांचा होतास!"

"अगं, लोक हसतात."

हसत होते तेव्हा हसत होते. गेले तीन रविवार सभागृहात कुणी हूं की चूं केलं नव्हतं. मॅनेजरनं सांगून टाकलं होतं, आज हसले नाहीत तर दुपारचा खेळ जादूवाल्याला. आणि धाकट्याला तर दुसरं काहीच येत नव्हतं. सकाळी त्याचं ताट तसंच राहिलं. म्हणून आई पहिल्यांदाच आली आणि मांडीवर पिशवी घेऊन विंगेतल्या स्टुलावर बसली.

त्याचं विसरणंही पाठ केलेलं असे. मध्येच वाक्य तोडायचं, बावळटासारखं बघायचं, पाठीमागे धरलेल्या हाताच्या बोटांवर सात मोजायचे, मग पुढचं बोलायचं. ओट्याशी उभा राहून तो हे घोकायचा, आणि त्या नादात आईची भाजी करपायची.

आज तिसऱ्याच वाक्याला तो थांबला. आईनं सवयीनं हाताकडे पाहिलं. बोटं मोजत नव्हती. मूठ आवळलेली, नखं तळव्यात रुतलेली.

"मला... पुढचं आठवत नाही," तो म्हणाला.

कुणीतरी फिस्सकन हसलं.

"नाही, खरंच. मला जमत नाहीये हे. हसू नका ना."

सभागृह फुटलं. तो हात जोडी, तसे लोक खुर्च्या बडवीत. "घरी जाऊ द्या मला," म्हणाला, तर मागच्या रांगेतल्या एका बाईला हसून हसून ठसका लागला. आई पिशवी खाली ठेवून उठली. पण धावून जावं तर लोकांना वाटणार, म्हातारीही खेळातलीच.

पडदा पडला. मॅनेजर धावतच आला. "सोनं केलंस! पुढल्या रविवारपासून अस्संच. यातलं अक्षर बदलायचं नाही!" पाठीवर थाप मारून तो तिकीटखिडकीकडे पळाला.

धाकटा घामानं निथळत होता. "जागा वाचली, आई. हसले की नाही?"

आईनं त्याचा दंड धरला.

"हसले. तरी आज वाईट केलंस. इतके दिवस तू बावळटाचं सोंग घेतलंस, मी भांडले, तरी चालवून घेतलं. आज सोंग नव्हतं. तू बुडत होतास आणि ते टाळ्या वाजवत होते. दर रविवारी हे करायला मी तुला वाढवलं नाही. जा, त्याला नाही म्हणून ये. तू म्हणतोस, की मी म्हणू?"