शिंग साळणाऱ्याशी माझे वैर

मित्रांनो, मी म्हातारा बैल, सौंसरजवळच्या एका संत्र्याच्या बगिच्यात बांधलेला. गावात मला मारका म्हणतात. पण मी आयुष्यात एकाच माणसाला मारले, आणि ते ठरवून मारले.

तो माणूस म्हणजे माझा मालक गुणवंता. तरुणपणी मी त्याच्या कपाशीत तण काढायचा डवरा ओढला, तेव्हा तो माझी तारीफ करीत असे. दर पोळ्याला तो माझी शिंगे चाकूने साळून, म्हणजे तासून, देखणी करी आणि वर ऑइलपेंट लावी. एका वर्षी त्याने डावे शिंग बुडाशी फार खोल साळले. रंगाखाली ते आतून सडू लागले. मी मान तिरपी धरू लागलो, डोके झटकू लागलो. गुणवंताला ती मस्ती वाटली. तो नेमकी त्याच शिंगावर काठी हाणी. मी प्रत्येक फटका मनात ठेवला. एका सकाळी तो चारा टाकायला वाकला आणि मी त्याला भिंतीवर फेकले. त्याचा हात मोडला. मला फार बरे वाटले.

"आता याले खाटकालेच देतो," तो कण्हत म्हणाला.

त्याच्या बायकोने, इंदूने, आधी जनावरांच्या डॉक्टर ऋतुजाबाईंना बोलावले. त्या दूर खाटेवर बसून मला नुसत्या पाहत राहिल्या.

"सुई टोचा न बाई," गुणवंता म्हणाला. "बैल पाहाले आल्या का पोरगी?"

"हा कोणाकोणाला मारते?" बाईंनी विचारले.

"माया तर हात चाटते," इंदू नवऱ्याकडे बोट दाखवत म्हणाली. "यायलेच मारते. मानसाची पारख हाय त्याले."

"मग हा मारका नाही. चारा एकाच बाजूनं चावते, मान डावीकडं टाकते. याचं शिंग दुखून राहिलं."

त्यांनी मला गुंगीचे इंजेक्शन दिले आणि रंग खरवडला. घाण वास सुटला. शिंग कापावे लागले.

"म्हंजे मी दुखत्या जागीच मारत होतो?" गुणवंताने विचारले.

"हो," बाई म्हणाल्या.

खाटकाची गोष्ट पुन्हा निघाली नाही.

पुढच्या पोळ्याला गुणवंता मला तोरणाखाली नेऊ लागला. दुखणे गेले होते, राग गेला नव्हता. मी साऱ्या गावासमोर खाली बसलो. त्याने कासरा ओढला, गूळ दाखवला, शेवटी हात जोडले. मी तोंड फिरवले.

"काहून बे गुणवंता, बैल रुसला का बायको?" कोणीतरी ओरडले.

तेव्हा बायांच्या गर्दीतून इंदू आली आणि तिने कासरा धरला. मी उठून मुकाट्याने तिच्यामागे चाललो. गाव पोट धरून हसले. गुणवंता मागून, मान खाली घालून आला.

मित्रांनो, शांत जनावर अचानक मारू लागले, तर काठी उचलण्याआधी त्याचे उभे राहणे पाहा, खाणे पाहा. आमचे दुखणे आम्ही तेवढ्यातूनच सांगतो. गुणवंता आता रोज माफी मागतो. मी अजून दिलेली नाही.