सोजराबाईचा डावा पाय

सिस्टरने प्लास्टर कापून दोन फाकांसारखं उघडलं, तशी सोजराबाई ओरडलीच, "हा माहा पाय नाही बाई! कोनाचा लावला?"

पाय खरंच ओळखू येत नव्हता. मांडी सुनेच्या दंडाएवढी, पोटरी तर नाहीशीच झालेली, आणि गुडघा तेवढा बाभळीच्या गाठीसारखा वर आलेला. महाराष्ट्र राज्य झालं त्याच्या दुसऱ्या पावसाळ्यात ती मोटेच्या धावेवर, बैल चालतात त्या उतारावर, घसरली, नडगी मोडली आणि डावा पाय जांघेपर्यंत पांढऱ्या कवचात गेला. पिंपळगाव राजाच्या शिवारात तिचा भाजीचा मळा होता. तिथल्या वाफ्यांना तेव्हापासून तिचा हात लागला नव्हता.

"तुमचाच आहे, मावशी," सिस्टर बेबीताई हसून म्हणाली. "हाड जुळलं. बसून बसून मांस सुकलंय."

खामगावच्या त्या दवाखान्यात भिंतीवर एका माणसाचं चित्र टांगलेलं होतं. नुसते लाल पट्टे आणि दोऱ्या. सोजराबाईने पदर पुढे ओढला.

"कपडे तं सोडा, याच्या आंगावर कातडंही नाही!"

दाराशी उभा असलेला तिचा नवरा इंद्रभान फरशीकडे पाहू लागला. बेबीताईने चित्रातल्या मांडीवर बोट ठेवलं. "हा पुढचा स्नायू. चार पदरांचा. हा आखडला की गुडघा सरळ होतो. मागचे आखडले की गुडघा वाकतो. पोटरी टाच उचलते. स्नायूला काम एकच येतं, ओढायचं. ढकलणं त्याला ठाऊकच नाही. म्हणून पुढे एक आणि मागे एक. एकानं ओढलं की दुसऱ्यानं सैल पडायचं."

"म्हंजे मोटीचा नाडा अन् सोंदूर," सोजराबाई म्हणाली.

बेबीताईला ते कळेना. तेव्हा इंद्रभान पहिल्यांदा बोलला. "दोन दोऱ्या रायतात, बाई. एक ताणली का दुसरी ढिली सोडा लागते. नाही तं मोट मधातच लटकते."

"अगदी तसंच!"

मग सोजराबाईने सकाळपासून मनात घोळणारा प्रश्न विचारला. "मले उकिडवं बसता येईन का?"

निंदण-खुरपण उकिडवं, चुलीपुढे उकिडवं, आणि पहाटे तांब्या घेऊन बांधापलीकडे गेल्यावरही उकिडवंच. इतके महिने तिची सून रुख्मिणी तिला काखेत धरून तिकडे नेत होती. पाय लांब करून कसंबसं टेकवी आणि आपण दुसरीकडे तोंड करून पाखरांबद्दल, तुरीच्या फुलोऱ्याबद्दल काहीबाही बोलत राही. याच पोरीला सोजराबाईने 'तुहा हात लय सुस्त' म्हणून वाफ्यावाफ्यावर टोकलं होतं. त्या पाखरांच्या गोष्टी ऐकताना तिला मेल्याहून मेल्यासारखं होई.

"खाली बसायला पोटरी लांबावी लागते, उठायला मांडीचा जोर लागतो," बेबीताई म्हणाली. "कुणाला जमतं, कुणाला नाही. खोटं नाही सांगणार. पण काम दिलं तर स्नायू भरतो."

काम द्यायचं म्हटल्यावर सोजराबाईला कोण अडवणार! घरी आली ती बाजेवर बसून मांडी आवळायची, सोडायची, पाय सरळ उचलायची. पुढे जोर आला की घोट्याला वाळूची पिशवी बांधायला सांगितलं होतं. मळ्यात वाळू नव्हती, वांगी होती. तिने फडक्यात एक वांगं बांधून उचललं. मग दोन. मग दुधी. शेजारची अंबूबाई कुंपणावरून पाहून हसता हसता खाली बसली. "सोजरे, बाजार पायाले बांधून कुठी चालली वं?"

"तू हास. तुह्या पायात चार पदर आहेत, तुले ठाऊक तरी आहे का?"

इंद्रभानला मात्र बायकोची धडपड पाहवेना. त्याने मोतीराम सुताराकडून मधोमध भोक पाडलेला एक उंच पाट करवून घेतला आणि बैलगाडीत सगळ्यांच्या देखत घरी आणला. अख्ख्या गल्लीला कळलं तो कशासाठी आहे ते.

"हे काऊन आणलं?"

"तुह्या सोयीसाठी, अवो. जन्मभर कोन धरन तुले?"

सोजराबाईच्या डोळ्यांत पाणी आलं. मग तिने उठून कोपऱ्यातला पाण्याचा माठ त्या भोकात बसवला. बरोबर बसला. "बेस झालं," ती म्हणाली. "माठ लय डुगडुगत होता."

रुख्मिणी पदरात तोंड घालून हसली. इंद्रभानने मान खाजवली आणि त्याच माठातलं पाणी प्यायला.

संक्रांत झाल्यावर एका सकाळी सोजराबाई मेथीच्या वाफ्यात उभी राहिली, दोडक्याच्या मांडवाचा बांबू धरला आणि खाली वाकू लागली. गुडघा करकरला. पोटरी ताणली, टाच उचलली गेली आणि ती धपकन ओल्या वाफ्यात बसली. रुख्मिणी धावली.

"थांब. हात नको देऊ."

ती कुशीवर वळली, गुडघ्यावर आली, हात मांडीवर रोवले. मांडी हातात धरलेल्या पाखरासारखी थरथरत होती. पुढचा पदर ओढत होता, हे तिला आतून कळत होतं. ती उभी राहिली. लुगड्याला मागून सगळा चिखल.

"आत्याबाई, मेथी चेपली ना!" रुख्मिणी म्हणाली, आणि दोघी पोट धरधरून हसल्या.

होळीपर्यंत तिला उकिडवं बसता येऊ लागलं. डावी टाच जमिनीला काही टेकली नाही, पण पहाटे ती एकटी जाऊ लागली. डोक्यावर भरली टोपली घेऊन बाजाराची वाट चालणं मात्र त्या पायाला झेपेना. दोनदा जाऊन पाहिलं, दोनदा अर्ध्यातून परतली.

तिसऱ्या बाजाराला तिने चुंबळ स्वतः वळून रुख्मिणीच्या डोक्यावर ठेवली आणि टोपली चढवून दिली.

"भाव पडू देजो नको. अन् माह्या जागेवरच बस, पिपरीच्या झाडाखाली."

"हाव, आत्याबाई."

रुख्मिणी झपझप निघाली. लुगडं वर खोचलेलं होतं. प्रत्येक पावलाला पोटरी भरून येई, गोळा होई आणि सुटे. मग दुसरी. सगळा जन्म चालण्यात गेला, पण माणूस चालतं कसं हे सोजराबाईने कधी पाहिलं नव्हतं. धुळीच्या वाटेवर त्या दोन पोटऱ्या दिसेनाशा होईपर्यंत ती पाहत राहिली.

मग बांबूला हात न लावता ती खाली बसली आणि वाफ्यातलं गवत उपटू लागली.