टबमधले गमबूट

"आंघोळीच्या जागी हे बूट ठेवू नको म्हणून किती वेळा सांगू तुले?" गिरजाबाईंनी बाथरूमच्या दारातूनच विचारलं. टबात सुभाषचे गुडघ्यापर्यंतचे हिरवे गमबूट आडवे पडले होते आणि त्यांच्यावरून निथळलेला काळा चिखल पांढऱ्याशुभ्र टबात पसरला होता.

सुभाष स्वयंपाकघरात उभ्या उभ्या पोळीचा रोल खात होता. बाल्कनीत ठेवले तर अपार्टमेंटच्या ऑफिसातून तक्रार येते, दारात ठेवले तर कार्पेट खराब होतं, मग ठेवायचे तरी कुठे, असं तो म्हणाला. गिरजाबाईंकडे उत्तर तयार होतं. खाली कचऱ्याचा एवढा मोठा डबा होता.

बूट हे नुसतं निमित्त होतं, हे घरातल्या तिघांनाही ठाऊक होतं. खरा राग होता तो बूट घालून सुभाष जिथे जायचा त्या जागेवर. ॲन आर्बरच्या बाहेर, पाणथळ रानात, कमरेएवढ्या गवतात तो साप शोधायचा. मारायला नाही आणि विकायलाही नाही. शोधायचा, मोजायचा आणि होता तिथे परत सोडून द्यायचा. उमरेडजवळच्या एका खेड्यात अंगणवाडीची मदतनीस म्हणून जन्मभर खिचडी शिजवून आणि लोकांच्या पोरांची नाकं पुसून गिरजाबाईंनी या मुलाला शिकवलं होतं. तो अमेरिकेला निघाला तेव्हा गावातल्या विहारात सगळ्यांना खीर वाढली होती. आणि एवढं करून हा दिवटा करतो काय, तर सापांच्या मागे हिंडतो. साप तर गावातही होते. त्यांच्यासाठी विमानात बसायची काय गरज होती?

त्यात सुभाषचा बाप सापानेच गेलेला. पऱ्हाटीच्या शेतात घोणस चावली. लोकांनी बाजेवर घालून आणलं, तिथून बैलगाडीने आरोग्य केंद्रात नेलं, तर तिथली लस संपलेली. नागपूरला न्या म्हणाले. नागपूर फार लांब पडलं. सुभाष तेव्हा पहिलीत होता. ज्या घरात असं झालं, त्या घरातला मुलगा मोठा होऊन फुलपाखरं पाहील, मासे पाहील, दुसरं काहीही पाहील. यानं नेमका सापच निवडला, याला काय म्हणावं ते गिरजाबाईंना इतक्या वर्षांत उमगलं नव्हतं.

या खेपेला मात्र त्या ठरवूनच आल्या होत्या. सुभाषचा वर्गमित्र राकेश दक्षिणेकडच्या कॅरी शहरात एका औषध कंपनीत होता आणि सुभाषला तिथे बोलावत होता. काचेची इमारत, टेबल, खुर्ची, कॉम्प्युटर. आपलं परतीचं विमान सुटायच्या आत सुभाषने हो म्हणावं म्हणून गिरजाबाई सकाळ-संध्याकाळ त्याच्या मागे लागल्या होत्या. सुभाष बघतो म्हणायचा आणि बघायचा नाही.

सून दीक्षा हॉस्पिटलच्या फार्मसीत होती. ती सहसा मायलेकांच्या भांडणात पडत नसे, पण एकदा जेवताना तिच्या तोंडून निघून गेलं, "आई, त्या कॅरीच्या स्टेटमध्ये तीन प्रकारचे रॅटलस्नेक आहेत, शेपूट वाजवणारे विषारी साप. जंगलातला टिंबर रॅटलर तर केवढा मोठा असतो. इथे मिशिगनमध्ये फक्त एकच, मॅसासॉगा. हातभर लांबीचा अन् सगळ्यात लाजाळू."

"साप नाही असं एक गाव नाही का तुमच्या या देशात?" गिरजाबाई म्हणाल्या आणि ताट घेऊन उठल्या. लाजाळू साप म्हणे. उद्या मनमिळाऊ विंचूही निघेल.

जुलै संपत आला तशी एका संध्याकाळी सुवर्णा डबा घेऊन आली. ती मूळची पुण्याची, याच कॉम्प्लेक्समध्ये राहणारी आणि मराठी मंडळाचा सगळा भार आपल्याच खांद्यावर आहे असं समजणारी. गिरजाबाईंनी तिला पहिल्याच भेटीत सांगून ठेवलं होतं की सुभाष युनिव्हर्सिटीत ऑफिसात असतो. तिने आज फोन पुढे केला. त्यावर इथल्या पेपरातला फोटो होता. हसरा सुभाष आणि त्याच्या हातातल्या काचेसारख्या नळीत साप.

"काकू, तुम्ही तर छुप्या रुस्तम निघालात," सुवर्णा म्हणाली. "घरात सर्पमित्र, आणि आम्हाला पत्ताच नाही."

गिरजाबाईंना मेल्याहून मेल्यासारखं झालं. सुवर्णाचं मात्र ठरलेलं होतं. नागपंचमी जवळ आली होती आणि गेली कित्येक वर्षं मंडळाच्या बायका प्रिंटरवर छापलेल्या नागाची पूजा करत होत्या. यंदा खराच आहे म्हटल्यावर सुभाषने दहा-बाराजणींना तिथे न्यायचं होतं. दूध आणि लाह्या त्या आणणार होत्या. सुभाषने समजावलं की साप दूध पीत नाही, हा नागही नव्हे आणि हे साप आता फार थोडे उरलेत. कुणी मारायला येतं, कुणी चोरायला, म्हणून त्यांची जागा बाहेर कुणाला सांगत नाहीत. सुवर्णाने सगळं मान डोलावून ऐकलं आणि विचारलं की मग एखादा नळीत घालून क्लबहाउसमध्ये आणता येईल का, म्हणजे लांबूनच हळदकुंकू वाहता येईल. सुभाषने दोन्ही हातांनी डोकं धरलं.

ती गेल्यावर गिरजाबाईंचा बांध फुटला.

"एक त्याची पूजा करते, एक त्याले मोजत बसतो. अरे, त्याले भ्यायचं असते! हे या देशात एकालेही समजत नाही?"

गिरजाबाई बराच वेळ ओट्यावरची स्वच्छ असलेली जागा पुन्हा पुन्हा पुसत राहिल्या. मग पाठमोऱ्याच म्हणाल्या, "ते जागा मले दाखव."

"आई, आत्ताच तर सांगितलं. बाहेरच्या माणसाला नाही दाखवत."

"मी कोणाले सांगाले जाऊन राहिली? इथे मले ओळखतं कोण?" त्या वळल्या. "तुझ्या बापाले बाजेवर घालून आणलं. शेताच्या कोणत्या धुऱ्यावर पडला होता, मले अजून ठाऊक नाही. कोणी दाखवलंच नाही. तू कुठे पाय ठेवतो ते तरी पाहू दे."

मंडळाला नाही म्हणणं सोपं होतं. हे सोपं नव्हतं. सुभाषने वरिष्ठांना फोन करून, आई मदतनीस म्हणून येते आहे असं सांगून, परवानगी काढली. मदतनीस हा शब्द ऐकून गिरजाबाईंनी नाक मुरडलं, पण दीक्षाचे जुने बूट पायात चढवले.

सकाळी रानाच्या कडेला गाडी थांबली तेव्हा त्यांनी मागच्या सीटवरून फरशी पुसायच्या मॉपचा दांडा बाहेर काढला. त्यांच्या गावी गवतातून जायचं तर काठी आपटत जायचं. हादरा बसला की लांबडं आपल्या वाटेनं निघून जातं, त्यालाही त्रास नाही आणि आपल्यालाही. ही रीत त्यांच्या आजीपासून चालत आलेली. त्या धप, धप, धप करत निघाल्या. खालून काळं पाणी वर येत होतं.

"आई, आपटू नको," सुभाष म्हणाला.

धप.

"आई, मॅसासॉगा पळत नाही. आहे तिथे गप पडून राहते, आपला रंग पानात मिसळून. तू आपटलं की खाली खेकड्याच्या बिळात जाते. मग मले दिवसभर नाही दिसत."

"मग चांगलंच आहे ना," गिरजाबाई म्हणाल्या आणि आणखी जोरात आपटलं.

उन्हं वर आली तरी एकही साप दिसला नाही. गेल्या आठवड्यात इथे माद्या उन्हाला पडलेल्या त्याने पाहिल्या होत्या. शेवटी सुभाषचाही पारा चढला. त्याने एक बादली कोरड्या उंचवट्यावर पालथी घातली आणि आईला म्हणाला की आता इथून हलायचं नाही, काठीचा आवाज करायचा नाही, मी समोरून फेरी मारून येतो. पोराने आईला बादलीवर बसवून ठेवावं, हे पाहायला आपण समुद्र ओलांडून आलो का, असं त्या पुटपुटल्या. पण बसल्या.

समोर पिवळ्या फुलांचं एक बुटकं झुडूप होतं. त्याच्या बुडाशी वाळक्या पानांचा ढीग होता. गिरजाबाई त्या ढिगाकडे उगीच बघत होत्या आणि बघता बघता ढिगाला डोळा फुटला.

दांडा त्यांच्या हातात आपोआप वर गेला. साप जवळ होता, अगदी दांड्याच्या टप्प्यात. तपकिरी, ठिपक्या-ठिपक्यांचा, अंगाने जाड आणि शेपटीच्या टोकाला खुळखुळ्याचे बारीक मणी. अंगणवाडीच्या कोठीत एकदा मण्यार निघाला होता, तेव्हा पोरं बाहेर काढून त्यांनी एकटीने मुसळाने चेचला होता. हात विसरलेला नव्हता. साप मात्र हलला नाही, फुत्कारला नाही, शेपूटही वाजवली नाही. ऊन खात पडून राहिला.

तेवढ्यात झुडपापलीकडून सुभाष आला. दुसरीकडेच बघत, लांब लांब टांगा टाकत, सरळ त्या ढिगाकडे.

गिरजाबाईंनी अंतर जोखलं. ओरडलं तर हा धावत येणार, आणि धावणाऱ्याचा पाय कुठे पडेल याचा नेम नाही. दांडा हाणला आणि नेम चुकला तर चवताळलेल्या सापापुढे हाच येणार. त्यांनी दांडा तसाच हळूहळू खाली आणला आणि गवतावर टेकवला. आवाज होऊ दिला नाही.

"सुभाष," त्या रोजच्यापेक्षाही खालच्या आवाजात म्हणाल्या, "तिथंच उभा राह्य. झाडाच्या बुडाशी पाह्य."

तो थांबला. त्याने पाहिलं आणि त्याचा चेहरा असा उजळला की गिरजाबाईंना पुन्हा संताप आला. एवढा आनंद याला लग्नातही झाला नव्हता.

मग तो खाली बसला. लांब आकड्याने त्याने सापाचं तोंड नळीत वळवलं, बाकीचं अंग मागून धरलं. तेव्हा कुठे शेपूट वाजली. कागदाच्या पुडीत माशी अडकल्यासारखा आवाज. गिरजाबाईंनी इतकी वर्षं मनात जो आवाज धरून ठेवला होता तो फार मोठा होता. सुभाषने कातडीखालची खुणेची चिप वाचणारं एक यंत्र सापाच्या अंगावरून फिरवलं आणि म्हणाला की ही मादी ओळखीची आहे, मागे इथेच भेटली होती, आता पोटुशी आहे. ही अंडी घालत नाही, जिवंत पिल्लं देते. गिरजाबाईंचं तिकडे लक्ष नव्हतं. त्या फक्त त्याचे हात पाहत होत्या. हात कापत नव्हते.

त्याने मादीला परत झुडपाखाली सोडलं. ती पानांत शिरली आणि पानंच झाली.

"याची लस असते का इथे?" गिरजाबाईंनी विचारलं.

"असते ना."

"असते नाही. आज आहे का?"

"दीक्षाच्याच फार्मसीत आहे. तीच पाहते."

"अन् संपली तर?"

सुभाष वैतागून काहीतरी बोलणार होता. मग त्याने आईकडे पाहिलं आणि आकडा खाली ठेवला.

"संपू देत नाही ती," तो म्हणाला. "संपायच्या आधीच मागवते, आई."

गिरजाबाईंनी चष्मा काढून पदराने पुसला, पुन्हा घातला. "मग हे आधी कायले नाही सांगितलं?"

"तू विचारलंच नाही."

खरं होतं. पगार विचारला होता, पेन्शन विचारली होती, लोक काय म्हणतील तेही विचारून झालं होतं. हेच तेवढं विचारलं नव्हतं, कारण एकदा आरोग्य केंद्रात विचारलं होतं तेव्हा नाही असं उत्तर मिळालं होतं.

परत जाताना सुभाष पुढे आणि त्या मागे. त्याच्या बुटांच्या ठशांत पाणी भरायच्या आत त्या आपला पाय ठेवत होत्या. दांडा खांद्यावर होता.

गाडीत राकेशचा फोन आला. सुभाषने तो न उचलता ठेवून दिला. "उचल," गिरजाबाई खिडकीबाहेर बघत म्हणाल्या. "नाही येत म्हणून सांग त्याले. उगाच लेकराले ताटकळत ठेवू नको." सुभाषने वळून पाहिलं तर म्हणाल्या, "समोर पाह्य. गाडी चालवून राहिला न तू?"

दुपारी सुभाषचा डोळा लागला होता. बूट पुन्हा टबातच होते आणि चिखलही तसाच. गिरजाबाईंनी तोंडाने त्याचा उद्धार करतच साडीचा ओचा खोचला, ब्रश घेतला आणि बूट तळव्यापासून वरपर्यंत घासून धुतले. रबर अंगठ्याने दाबून पाहिलं. घोट्याजवळ पाहिलं, टाचेजवळ पाहिलं. सुभाषच्या बापाच्या पायात त्या दिवशी काहीच नव्हतं.

मग नवी घागर घेताना पाहतात तसा त्यांनी एकेक बूट नळाखाली धरून काठोकाठ भरला, टबाच्या कडेवर उभा केला आणि शेजारी पालथ्या डब्यावर बसून राहिल्या. आधी पहिल्या बुटाखाली बोट फिरवलं, मग दुसऱ्या. बोट कोरडं होतं. तरी त्या लगेच उठल्या नाहीत. आणखी थोडा वेळ बघितलं पाहिजे होतं.