हिरव्या रेघेची बरणी

मित्रांनो, खालून पाचव्या फळीवर, जिथे हात पोचायला स्टूल लागते, तिथे बसलेली काचेची जुनी बरणी म्हणजे मी. साच्यातून निघताना माझ्या खांद्यात हवेचा एक बुडबुडा अडकला. कारखान्यात मला बाद मालात टाकणार होते, पण झाकण अचूक बसले म्हणून वाचले. झाकण अचूक बसणे हाच माझा एकमेव गुण. पुढे तोच अंगाशी आला.

जडीबुटीच्या दुकानात मी आले तेव्हा फळ्यांवर साठ बरण्या होत्या. खोकल्याची, पोटाची, केसगळतीची. गिऱ्हाईक दारातूनच त्यांची नावे घेई. माझे नाव कधी कोणी मोठ्याने घेतले नाही. माझ्यात निर्गुंडीच्या जातीच्या एका झुडपाची वाळलेली फळे होती, मिऱ्यासारखी दिसणारी. शरीराची ओढ कमी व्हावी म्हणून ती घेत. ती खरोखर कमी होते का, हे दुकानदार छातीठोकपणे सांगत नसे, मीही सांगणार नाही. माणसे मात्र येत. पाठीमागे कोणी नाही ना ते बघत आणि वर बोट दाखवत. बायको गेलेला एक म्हातारा येई, परीक्षेला बसलेला एक मोठा माणूस येई. दुकान रिकामे असेल तेवढ्याच वेळात माझे झाकण उघडले जाई, म्हणून दुकानातली सगळ्यात कमी गप्पा ऐकलेली बरणी मीच असेन.

दुकानदाराला सगळे काका म्हणत. त्यांचे दोन नियम होते. ज्याने घ्यायचे त्यानेच यायचे; नवऱ्याच्या चहात गुपचूप घालायला मागणाऱ्या एका बाईला त्यांनी "त्यांनाच घेऊन या" म्हणून परत पाठवले होते. दुसरा नियम म्हणजे घरचा पेला आणायचा. घराघरातला पेला लहानमोठा असतो, म्हणून काका मोजून पाणी ओतत आणि तेवढ्यावर पेल्याला बाहेरून रंगाची बारीक रेघ ओढत. काढा रेघेपर्यंतच. प्रत्येक बरणीचा रंग ठरलेला आणि तोच पट्टा तिच्या चिठ्ठीवर. माझा हिरवा.

एके दिवशी दुपारी कपडे शिवणारी एक बाई आली. गळ्यात मोजायची फीत तशीच होती.

"कोणासाठी?" काकांनी विचारले.

"माझ्यासाठीच."

"दुसरं काही औषध चालू आहे?"

"मला नाही."

"घरी भांडण?"

"भांडण असतं तर बरं होतं, काका. हे लिफ्ट दुरुस्त करायला जातात. वर्षापूर्वी कामावर पडले. हाड जुळलं, पण तेव्हापासून भिंतीकडे तोंड करून झोपतात. मी नुसता हात ठेवला तरी माफी मागतात. ती माफी ऐकवत नाही. त्यापेक्षा माझंच मन तिकडून उठलं तर दोघं सुटू."

काकांनी हिरवी रेघ ओढली, पहिला काढा तिथेच पाजला आणि पुडी बांधून दिली. चूक इथे झाली. 'मला नाही' म्हणाली तेव्हा 'मग कोणाला?' हे त्यांनी विचारायला हवे होते.

पुडी संपल्यावर ती पुन्हा आली.

"फरक?"

"झोप लागते. पण शिवता शिवता मशीन थांबवते, आणि कशाची वाट बघत होते तेच आठवत नाही."

 काकांनी तरी दुसरी पुडी दिली.

पंधरा दिवसांनी एक माणूस आला. जरा लंगडत. रुमालात पेला गुंडाळलेला.

"काका, लिफ्ट तळमजल्यावरच अडकलीये. वर जायचं नाव घेत नाही," तो म्हणाला आणि हसला. एकटाच हसला. "वर नेणारं काही औषध मिळतं का, विचारायला आलो."

"गोळ्या कुठल्या घेता?"

त्याने खिशातून पाकीट काढले. "पडल्यापासून मन उदास असायचं, त्यावरची. घरी झोपेची म्हणून सांगितलंय."

"या गोळीने पुष्कळांचं असं होतं. डॉक्टरांच्या कानावर घातलंत?"

"डॉक्टरीणबाई माझ्या धाकट्या बहिणीएवढ्या. त्यांना काय सांगू, कपाळ?"

"हेच सांगायचं. गोळी बदलता येते, कमी करता येते. त्यांनी करायची, तुम्ही आपल्या मनाने बंद करायची नाही. आणि ती गोळी चालू असताना माझ्याकडचं काही मिळणार नाही."

"मग हा पेला उगाच आणला," म्हणत त्याने रुमाल सोडला.

पेल्यावर हिरवी रेघ होती.

काका थबकले. "ही खूण कसली?"

"बायकोची असेल. शिंपीण आहे, घरात दिसेल त्यावर खुणा करते. हाताला लागला तो उचलला."

एका गिऱ्हाइकाची गोष्ट दुसऱ्याला सांगायची नाही, हा नियम न बोलता पाळला जाई. काका उभे राहिले, बसले, पुन्हा उभे राहिले. मग स्टुलावर चढून त्यांनी मला खाली उतरवले, पेल्याशेजारी ठेवले आणि "मी चुलीवरचं पाणी बघून येतो" म्हणून आत गेले. आत चूल पेटलेलीच नव्हती.

त्याने चिठ्ठी वाचली, 'शरीराची ओढ कमी होण्यासाठी'. हिरवा पट्टा बघितला, पेल्यावरची रेघ बघितली. पुन्हा चिठ्ठी वाचली. मग माझ्यावर तळहात ठेवला. काही काढायचे नसताना माझ्यावर कोणी हात ठेवल्याचे मला दुसरे आठवत नाही.

"हे तिला कशाला हवं होतं?" त्याने मलाच विचारले. मला उत्तर माहीत होते. काचेला बोलता येत नाही.

महिन्याने ती बाई आली. उरलेली पुडी तिने काकांपुढे ठेवली.

"नको आता."

"बरं आहे?"

"गोळी बदलताहेत. अजून काही फरक नाही. पण रविवारी जेवल्यावर बसलो, तर ताटं वाळेपर्यंत बोलत होतो." ती फीत गुंडाळत थोडी थांबली. "तुमच्या बरणीने चुगली केली म्हणे."

"बरणीला कुठला नियम," काका म्हणाले.

परत आलेला माल बरणीत घालायचा नाही म्हणून ती पुडी त्यांनी कुंडीत ओतली.

काका गेले. आता या दुकानात फोनची कव्हरे विकतात. खालच्या बरण्या कोणी कोणी घरी नेल्या; मिठाला, साखरेला. माझी चिठ्ठी वाचून मात्र जो तो हात मागे घेतो. आत फळे नाहीत, कोंडलेला वास तेवढा आहे, आणि झाकण अजून अचूक बसते.

मित्रांनो, दुसऱ्याच्या पेल्यात त्याला न सांगता काही घालू नका. आपल्या पेल्यात काय आहे ते घरात एकाला तरी सांगा. डॉक्टरांना तर सांगाच. आणि कधी या फळीपर्यंत चढलात, तर मला खाली नेले नाही तरी चालेल. झाकण तेवढे सैल करून ठेवा.