खापरपणजोबांचे कान

ओहायोची लोरीना अमेरिकेच्या यादवी युद्धात लढलेल्या आपल्या खापरपणजोबांवर पुस्तक लिहीत होती. तोफांच्या आवाजाने ते बहिरे झाले, म्हणून सरकारने पेन्शन दिली, असं घरात अभिमानाने सांगत. नवऱ्याला, ड्वाइटला घेऊन तिने वॉशिंग्टन गाठलं आणि सरकारी दप्तरातून त्यांची पेन्शनची जुनी फाइल काढवून घेतली.

आत खापरपणजोबांच्या बायकोची साक्ष होती : 'लाकडं फोडा म्हटलं, की यांना अक्षर ऐकू येत नाही.'

खाली शेजाऱ्याची : 'मी कोठारामागे हळूच बाटलीचं बूच काढलं, तरी हा कुंपण ओलांडून हजर.'

लोरीनाने कपाळाला हात लावला. "आता लिहू काय?"

"पेन्शन मिळाली ना?" ड्वाइटने विचारलं.

"शेवटपर्यंत."

"मग शूरवीर लिही. बायकोला आणि सरकारला एकदम गुंडाळणं खायचं काम नाही."

लोरीनाने दोन्ही साक्षी जशाच्या तशा उतरवून घेतल्या.