ओतशाळेतला खड्डा

रस्ता रुंद करायचा म्हणून ओतशाळेची पुढची भिंत पाडली, तेव्हापासून आत काय चालतं ते समोरच्या बसथांब्यावरून दिसू लागलं. त्याआधी ते कुणी पाहिलं नव्हतं आणि पाहावं असं कुणाला वाटलंही नव्हतं.

त्याच सुमारास ओताऱ्याने नगरभवनाच्या मनोऱ्यासाठी मोठी घंटा ओतायला घेतली होती. जुनी तडकली होती. एवढ्या वजनाचा साचा उघड्यावर उभा केला तर धातूच्या भाराने फुटतो. म्हणून तो खोल खड्ड्यात उतरवतात, भोवती माती ठोकून बसवतात आणि वरच्या तोंडातून धातू सोडतात. हे काम संध्याकाळी करायचं, कारण उजेड कमी झाला की वितळलेल्या धातूचा रंग नीट कळतो. खड्ड्याजवळ सगळ्यांनी अनवाणी यायचं, टाचेच्या दणक्याने साच्याची आतली माती झडू नये म्हणून. आणि बोलायचं नाही, कारण धातू आत भरत जाताना जो आवाज येतो त्यावरून ओतारी हात सैल करतो किंवा आवरतो.

बसथांब्यावरच्या माणसांना यातलं काही ठाऊक नव्हतं. त्यांना दिसली ती सांजवेळ, जमिनीतून येणारा लालसर उजेड, आणि भोवती चपला काढून, माना खाली घालून उभी असलेली माणसं. एका बाईने आपल्याही चपला काढल्या. बस आली आणि गेली. बरेच जण चढलेच नाहीत.

धातू निवायला ठेवून ओताऱ्याने माणसांना सुट्टी दिली. ते परतले तेव्हा खड्ड्याच्या काठावर फुलं होती. ओताऱ्याची लेक धंद्याचं बाहेरचं सगळं सांभाळायची. ती फुलं गोळा करू लागली, तर थांब्यावरचा एक माणूस तिच्याजवळ येऊन उभा राहिला. तिने फुलं परत ठेवली.

मग फुलांशेजारी दिवे आले, आणि दिवे लावणारी माणसं वेगळ्या धर्माची होती. ओतशाळेतल्या कामगारांनी सोयीसाठी नावं पाडली: फुलंवाले आणि दिवेवाले. फुलंवाल्यांचं म्हणणं एका निवृत्त मुख्याध्यापकाने मांडलं. त्यांचं पुरातन देवस्थान इथेच जमिनीखाली गडप झालं होतं, आणि तो उजेड त्याचाच होता. दिवेवाल्यांच्या वतीने औषधांच्या दुकानाचा मालक बोलला. त्यांच्या एका सत्पुरुषाला इथे पुरलं होतं, हे त्याने आजोबांच्या तोंडून ऐकलं होतं. आजोबा हयात असताना हे दुसऱ्या कुणी ऐकलं नव्हतं. मुख्याध्यापकही नोकरीत असताना रोज याच थांब्यावर उभा राहायचा. तेव्हा त्याने तक्रार केली होती ती धुराची.

लेकीने दोघांना बसवून सगळं समजावून सांगितलं: चपला का काढतात, गप्प का राहतात, उजेड कशाचा. दोघांनी नीट ऐकून घेतलं. मुख्याध्यापक म्हणाला, "खरं आहे बाळ. पण तुमच्या पूर्वजांना अनवाणी राहायची बुद्धी झाली, ती कुठून?" औषधवाल्याने मान डोलावली. दोघांचं एकमत झालं असा तो पहिलाच प्रसंग.

घंटा बाहेर काढायची तर खणावं लागणार होतं. खणताना हाडं निघाली तर जागा दिवेवाल्यांची होईल, ही फुलंवाल्यांना धास्ती. कोरीव दगड निघाला तर फुलंवाल्यांची होईल, ही दिवेवाल्यांना. त्यामुळे कुणीच खणू नये म्हणून दोन्ही बाजूंनी पहारा बसला. कुणी फावडं घेऊन अंगणातून गेलं की चार जण उठून उभे राहत. एक कामगार ओताऱ्याला म्हणाला, "काका, मागचा नळ गळतोय. पाना नेऊ का, की त्यावरूनही दंगल होईल?"

नगरभवनाने निरोप धाडला की उशीर झाला तर काम दुसरीकडे जाईल. ओताऱ्याला वेगळीच चिंता होती. ओतताना शेवटी शेवटी धातूचा आवाज क्षणभर तुटला होता. आत पोकळी राहिली की नाही, हे बाहेर काढून वाजवल्याखेरीज कळणार नव्हतं. आयुष्यात एवढं मोठं काम त्याने केलं नव्हतं आणि पुन्हा करण्याचं वयही उरलं नव्हतं. जेवताना त्याचा घास हातातच राही. लेक म्हणायची, जेवा बाबा, तिला काही पाय फुटलेले नाहीत.

शेवटी सरकारी अधिकाऱ्याने सुनावणी ठेवली. तो ओताऱ्याच्या बाजूला झुकलेला होता. खड्डा आपण खणला आणि खाली आपली घंटा आहे, एवढं ओताऱ्याने ठाम सांगितलं की बंदोबस्त देऊन ती काढून द्यायची, असं त्याने लेकीला आधीच सुचवलं होतं. तिने बापाकडून उत्तरं घोकून घेतली.

खड्डा कुणी खणला, असं अधिकाऱ्याने विचारलं. ओतारी म्हणाला, मी. खणताना काय सापडलं? माती.

"आणि आता खाली घंटा आहे, हे तुम्ही खात्रीने सांगता?"

ओताऱ्यांमध्ये साच्यातून निघालेल्या वस्तूला वाजेपर्यंत घंटा म्हणत नाहीत. तोवर ते नुसतं ओतीव. लहानपणी चुकून घंटा म्हटलं म्हणून त्याने बापाच्या हातचा मार खाल्ला होता. लेकीने खालून त्याच्या पायाला पाय लावला.

"खात्रीने नाही सांगता येणार, साहेब."

अधिकाऱ्याने हातातलं पेन खाली ठेवलं. "म्हणजे खाली काय आहे ते तुम्हालाच माहीत नाही?"

"काढून वाजवली की सांगतो."

हे शेवटचं वाक्य कुणी ऐकलं नाही. दोन्ही बाजू एकदम बोलायला लागल्या होत्या आणि दोन्ही बाजूंना तेच म्हणायचं होतं: मालक स्वतःच कबूल करतोय. निकाल त्याच बैठकीत झाला. जागेला कुणी हात लावायचा नाही. सकाळ फुलंवाल्यांची, संध्याकाळ दिवेवाल्यांची. ओतशाळेने दुसरीकडे सोय पाहावी.

जिना उतरताना लेक म्हणाली, "एक 'हो' म्हणायचं होतं, बाबा. कुणाचं काय गेलं असतं?"

"आत पोकळी असली तर?"

"असली असती तर असली असती. निदान घंटा घरात आली असती."

तो कठडा धरून उरलेल्या पायऱ्या उतरला.

घरी येऊन तिने नगरभवनाला फोन लावला. घंटा होणार नाही, असं ती सांगत होती, तेवढ्यात खुर्चीतून त्याने हात वर केला.

"होणार नाही म्हणू नकोस," तो म्हणाला. "मिळणार नाही म्हण."

तिने तसं सांगितलं.